चढतं पाणी आणि तात्यांची मरळ

काल सकाळी सुनीताचा फोन आला. "काका, पाणी निघालं वर," एवढंच म्हणाली आणि तिनं फोन ठेवला. मी बारामतीच्या माझ्या स्टुडिओत कुणाच्या तरी हळदीचं एडिटिंग करत बसलो होतो. पडद्यावर नवरीच्या मावशा रांगेनं नाचत होत्या. बाहेर लख्ख ऊन होतं, समोरच्या लिंबाचं पानही ओलं नव्हतं, आणि माझ्या छातीत मात्र हलगी वाजायला लागली. मावशांना तिथंच थांबवलं. एकीचा हात हवेत राहिला तो राहिलाच. मी कपाटातून कॅमेऱ्याची बॅग काढली.

आमच्याकडं पाणी असंच येतं. पाऊस पडतो तिकडं घाटमाथ्यावर, मावळात, मुळशीत. आमच्या वाट्याला त्याची बातमी येते. इंदापूर तालुक्यात आभाळ कोरडं, नुसता वारा सुटलेला, विजेच्या तारा शिट्ट्या मारतायत, आणि अशा खडखडीत दिवशी भीमेवरच्या धरणामागं तुंबलेल्या पाण्याचा फुगवटा कुणाला काही न सांगता वर चढू लागतो. उन्हाळाभर पाणी मागं मागं गेलेलं असतं. मोकळ्या झालेल्या गाळात लोकांनी गुरांच्या चाऱ्याचं कडवळ, मका, काकडी, जमेल ते पेरलेलं असतं. आता ते पाणी आपली जागा मागायला येतं. अंगावर एक थेंब पडत नाही आणि पायाखालचं रान बुडतं. भिजवतं ते दुसऱ्याच्या गावचं आभाळ. पाण्याबरोबर पुण्याचा फेस येतो, झेंडूच्या माळा येतात, एखादी चप्पल येते. तरीसुद्धा मला दरवर्षी ते नवंच वाटतं.

पाणी चढताना आवाज करतं, हे काठावर उकिडवं बसल्याशिवाय कळत नाही. उन्हानं फाटलेल्या काळ्या रानाच्या भेगांत ते शिरतं, आतली हवा बुडबुडे होऊन बाहेर पडते, आणि फोडणी विझत आल्यावर कढईत राहते तशी बारीक चुरचुर सगळ्या काठानं चालू होते. वास येतो तो नुसत्या ओल्या मातीचा नसतो. त्यात कुजलेलं गवत असतं, शिंपल्यांचा चुरा असतो, शेळ्यांच्या लेंड्या असतात. गवताच्या काड्यांवर मुंग्या तोंडात अंडी धरून चढतात. रातकिडे, गोमी, कोळी, सगळे आपापलं बिऱ्हाड घेऊन वरच्या अंगाला पळतात. त्यांच्यासाठी बगळ्यांची पंगत आधीच बसलेली असते, ओळीत, शिस्तीत, वाढप्याची वाट बघत. आणि पाण्याच्या पुढच्या काठाला, वीतभर खोलीत, मासे आलेले असतात. काल जिथं शेळ्या चरत होत्या तिथं आज मासे चरतात. गवताची पाती खालून हलतात. वारा नसताना हलणारं गवत बघितलं की माझा श्वास अजून अडकतो. केस पांढरे झाले तरी अडकतो.

याच गोष्टीच्या मी फिल्म काढतो. पोट भरतं लग्नांवर. साखरपुडा, हळद, लग्न, जावळ, सगळं करतो. पण गेली काही वर्षं उरलेल्या वेळात हौसेनं गळ टाकणाऱ्या माणसांच्या आणि आमच्या भागातल्या उघड्यावाघड्या जागांच्या लहान लहान डॉक्युमेंटरी करतो. नीरेचे डोह, कालव्याचे पूल, फुगवट्याचा काठ, कळंबच्या पलीकडचा माळ. लोकांना वाटतं, जंगल म्हणजे गर्द झाडी, वाघ, धुकं. आमचं जंगल गुडघ्याएवढं आहे. कुसळाच्या गवताचं. त्यात लांडगा उभा राहिला तरी त्याचे कान दिसतात.

या कामातला माझा भागीदार सुहास. तो दातांचा डॉक्टर, बारामतीत दवाखाना आहे. आम्ही दोघं वडगाव निंबाळकरचे, एका बाकावरचे. "सहा दिवस माणसांच्या तोंडात हात घालतो, रविवारी माशांच्या," असं तो स्वतःची ओळख करून देताना सांगतो. गळ टाकायचा त्यानं, शूटिंग करायचं मी. पकडलेला प्रत्येक मासा सोडायचा, हा त्याचा नियम. गळाच्या टोकाला जो उलटा काटा असतो तो सुहास पक्कडीनं दाबून सपाट करतो, म्हणजे माशाच्या तोंडातून गळ अलगद निघावा.

हे पकडून सोडणं तो परदेशी कार्यक्रम बघून शिकला. मी घरात शिकलो. आमचे वडील माळकरी. घरात मासा शब्दसुद्धा चालत नसे. मी पोरपणी कालव्यावर टाचणी वाकवून, कणकेची गोळी लावून मासे धरायचो आणि घरी न्यायची सोय नाही म्हणून परत सोडायचो. मग तिथंच हात धुवायचे, हाताला माती चोळायची, तरी जेवताना वडिलांनी नुसतं माझ्याकडं बघितलं तरी मला वाटायचं, ह्यांना वास आला. तेव्हापासून आनंद आणि अपराध हे माझ्यात एकाच पानात वाढलेले आहेत. एक उचलला की दुसऱ्याचा रस्सा लागतोच. आजही गळाला मासा लागला की मी आधी हरखतो आणि मग लगेच मनात कुणाचीतरी माफी मागतो. कुणाची, ते ठरलेलं नाही.

पण सांगायचं आहे ते त्या एका सालच्या चढत्या पाण्याचं.

आम्हाला मरळीवर फिल्म करायची होती. मरळ हा मोठा करारी मासा. सापासारखं डोकं, काळपट हिरवी पाठ, पाण्यावर येऊन हवा पिणारा. पाणी चढलं की ती बुडालेल्या पिकात, गवतात शिरते. तिथं रबराचा खोटा बेडूक टाकायचा, तो टुपुक टुपुक करत ओढायचा, आणि मरळ खालून त्यावर झडप घालते तो क्षण कॅमेऱ्यात धरायचा. एवढीच आमची आकांक्षा. त्यासाठी आम्हाला एक काठ हवा होता, आणि तो मिळाला तात्यांकडं.

तात्या म्हणजे फुगवट्याच्या काठावर वस्ती करून राहिलेले शेतकरी. साठीचे, सडपातळ, डोक्याला टॉवेल. दोन म्हशी, थोडा ऊस, आणि पाणी हटलं की गाळात कडवळ. पहिल्याच दिवशी त्यांनी आमचं सामान निरखलं, सुहासचा तो निळा बेडूक हातात घेऊन दाबून बघितला आणि विचारलं, "ही धरायची अन् सोडायची काय भानगड हाय?"

सुहासनं समजावलं. छंद असतो, माशाला इजा करायची नसते, वगैरे.

"मी म्हशी रोज धरतो अन् सोडतो," तात्या म्हणाले. "माझा कुणी पिच्चर न्हाय काढला."

तात्यांची मुलगी सुनीता तेव्हा बारामतीच्या कॉलेजातून घरी आली होती. टायफॉइड होऊन गेला होता. ओसरीत खाटेवर बसलेली असायची, केस गळालेले, मनगटं काडीसारखी, तोंड सदा कडू. अन्नावर वासना नव्हती. तिची आई तीन वेळा ताट पुढं करायची आणि तीन वेळा मागं न्यायची. दुसऱ्या दिवशी तात्यांनी मला बाजूला घेतलं. आवाज खाली आणून म्हणाले, "पाव्हणं, एक काम हाय. एकांदी बरी मरळ घावली तर सोडू नगा. पोरीला रस्सा पाजायचाय. मरळीनं ताकद भरती."

मी म्हणालो, "तात्या, पहिली मोठी मरळ तुमची."

संध्याकाळी गाडीत सुहास म्हणाला, "या फिल्ममध्ये एकही मासा मरता कामा नये. निदान एवढं तरी कबूल कर."

मी म्हणालो, "कबूल."

यात मला तेव्हा काही वावगं वाटलं नाही. लग्नाच्या धंद्यात दोन्हीकडच्यांना हो म्हणायची सवयच लागते. कळंबच्या एका लग्नात मी वराच्या मामांना सांगितलं होतं की स्टेजवरचा पहिला फोटो तुमच्याकडचा, आणि वधूच्या चुलत्यांनाही तेच. दोघंही खूष होते. गर्दीत पहिला फोटो कुणाचा झाला ते शेवटी कुणालाच कळलं नाही. माझी अशी अनेक वचनं गर्दीत तरून गेली आहेत. इथं गर्दी नव्हती, एवढं लक्षात यायला हवं होतं.

काय दिवस होते ते. सुहासनं दवाखान्याला पंधरा दिवस सुट्टी दिली होती. पहाटेच निघायचं, निमगाव केतकीत चहा घ्यायचा, उजाडता उजाडता काठावर. आणि रोज काठ वेगळा. काल जिथं कॅमेऱ्याची तिपाई रोवली तिथं आज कमरेएवढं पाणी. काल ज्या बाभळीखाली भाकरी खाल्ली तिचा आज फक्त शेंडा, त्यावर पाणकावळा पंख वाळवत बसलेला. फिल्मवाल्याला सलग चित्र लागतं. मागचं पुढच्याला जुळावं लागतं. इथं काहीच जुळत नव्हतं. सुरुवातीला मी चिडलो, मग मला त्याची नशा चढली. पाणी रोज माझी चौकट पुसत होतं आणि नवी काढून देत होतं. काठावरून पळत पळत मी मागं सरकायचो, बूट ओले, हातात कॅमेरा, आणि तोंडानं कुठलंतरी जुनं गाणं.

रोजच्या पाण्याबरोबर रोजची मोटारही वर ओढायला लागायची. काठावर लोखंडी चौकटीच्या घोड्यावर बसवलेली पाण्याची मोटार, तिला दोर, मागं पाईपची शेपूट. पाणी तिच्यापर्यंत पोचायच्या आत ती वर घ्यायची, नाहीतर बुडून जळते. तात्या, त्यांचे शेजारी, आणि आम्ही दोघं, असे दोर धरायचो. एकदा ती मस्त वर आली, सगळ्यांच्या अंगाला घाम, मागं तांबूस पाणी, आणि मी म्हणालो, "तात्या, परत एकदा खाली न्यायची का? ऊन तोंडावर आलं नव्हतं."

वीस वर्षं हेच बोलत आलोय. हार परत घाला, मंगळसूत्र जरा हळू, सासूबाई परत एकदा डोळे पुसा.

तात्या दोर हातात धरून माझ्याकडं बघत राहिले. "मोटार हाय ती, पाव्हणं," ते म्हणाले. "नवरी न्हाय."

शेजारी हसून हसून खाली बसले. मीही हसलो, आणि मग दिवसभर मनात खजील होत राहिलो.

दुपारी मासा गळ खात नाही. मग आम्ही माळावर जायचो. एकदा अशाच भर दुपारी, कुसळांच्या गवतात, चिंकारा हरणाची मादी आमच्यासमोर उभी राहिली. तिच्यामागं गवत एका जागी हललं. आम्हाला वाटलं, लांडगा. सुहासनं माझा दंड इतका आवळला की वळ उठला. आणि गवतातून निघालं तिचं पाडस, कान मोठे, पाय काटक्या, आपल्याच सावलीला बिचकणारं. ते आईच्या पोटाखाली गेलं आणि दोघं अशी उधळली की माळावर फक्त धूळ उरली. ते चित्र मला मिळालं. मी तिथंच गवतात बसकण मारली. एवढा आनंद झाला की काय करावं सुचेना, म्हणून सुहासला मिठी मारली. त्याच्या खिशातल्या गळानं माझा शर्ट फाटला.

मरळ मात्र हुलकावण्या देत होती. लहान लहान यायच्या, सुहास सोडून द्यायचा, तात्या काठावरून बघत राहायचे. मी त्यांच्याकडं बघायचं टाळायचो. मनातल्या मनात म्हणायचो, मोठी म्हणालो होतो, ही लहान आहे.

आणि मग ती सकाळ.

तात्यांचं कडवळ निम्मं कापून झालं होतं, निम्मं पाण्यात उभं होतं. धांड्यांच्या मध्ये पाणी काचेसारखं स्थिर. तात्या मोटारीपाशी होते, शेजारी बादली. सुनीताला आईनं कोवळ्या उन्हात बसायला पाठवलं होतं. ती बांधावर चादर गुंडाळून, तोंड वाकडं करून बसलेली. मी एका धांड्यावर बसलेल्या चतुराचं शूटिंग करत होतो. सुहासनं बेडूक टाकला. तो दोन धांड्यांच्या मधून टुपुक टुपुक येत होता आणि मी कॅमेरा त्याच्याकडं वळवला. पाण्यावर आधी एक फुगा आला, आणि मी कॅमेऱ्याचं लाल बटण दाबलं. मग खालून सावली आली. मग फाड्, ओलं घोंगडं दगडावर आपटावं तसा आवाज झाला, आणि बेडूक नव्हता.

"बसली," सुहास म्हणाला. त्याचा आवाज फाटला होता.

मी कॅमेऱ्याचं लाल बटण दाबलं. काठी कमान झाली, रीळ किंचाळलं, कडवळाचे धांडे असे हलू लागले की जणू आत कुणी माणूस झोंबतोय. मी काठावर नाचत होतो. खोटं कशाला सांगू, नाचतच होतो. "डावीकडं घे, उन्हात घे, वर बघ, हस," असलं काहीही ओरडत होतो. सुहासनं तिला हळूहळू उथळात आणली, गुडघ्यावर बसला, दोन्ही हातांत धरली. कोपरापासून बोटांच्या टोकापर्यंत भरेल एवढी मरळ. काळी, चकाकणारी, पोट दुधासारखं. दाबलेला गळ एका हिसक्यात निघाला. मी सगळं कॅमेऱ्यातून बघत होतो आणि माझे डोळे भरून आले होते.

तेवढ्यात तात्या बादली घेऊन पाण्यात उतरले. मी बटण परत दाबलं आणि कॅमेरा खाली घेतला.

"वा डाक्टर," तात्या म्हणाले. "झकास. हिच्यात घाला."

सुहासनं माझ्याकडं बघितलं. तात्यांनीही माझ्याकडं बघितलं.

"कशात घाला?" सुहास म्हणाला.

"बादलीत की. ह्येंनी शबूद दिलाय मला. पयली मोठी मरळ आमची."

"मला पण दिलाय. एकही मासा मरणार नाही असा."

"मग सांगा की, पाव्हणं," तात्या म्हणाले. "कुणाचा खरा?"

मला कुणी मारलं असतं तर बरं वाटलं असतं, असा तो क्षण होता. कुणीतरी काहीतरी करायला हवं म्हणून तात्यांनीच सुहासच्या हातून मरळ घेतली आणि बादलीत सोडली. बादलीभर पाण्यात ती गोल वळून निवांत राहिली. मरळ हवा पिते, तिला बादलीत लगेच काही होत नाही.

"ते काय लाल लाल?" बांधावरून सुनीता म्हणाली.

मरळ जिथून उठली होती तिथं, धांड्यांच्या मध्ये, पाण्यावर काहीतरी वर आलं होतं. ओंजळभर कुंकू सांडावं तसं. ते हलत होतं, उकळत होतं, खाली जात होतं, परत वर येत होतं. बोटाच्या पेराएवढी शेकडो पिलं, तांबडीलाल, एकमेकांना चिकटून एक गोळा करून.

सुहासचा चेहरा उतरला. "पिलं आहेत हिची," तो म्हणाला. "आधी दिसली असती तर मी टाकलाच नसता. ही भुकेनं आली नव्हती रे. राखणीला होती."

"आई हाय व्हय?" तात्यांनी बादलीत वाकून बघितलं.

"आई असेल, नाहीतर बाप. यांच्यात बापही राखतो."

 कडवळाच्या कडेनं राखाडी पाठी दिसायला लागल्या होत्या. चिलापी. आमच्या फुगवट्यात सगळीकडं माजलेला मासा. त्यांना कळलं होतं, राखणदार नाही. एक पाठ आत घुसली, पाणी चट् वाजलं, आणि लाल गोळा एका बाजूनं फाटला, परत जुळला. थोडा लहान होऊन जुळला.

"तात्या, लवकर ठरवा," सुहास म्हणाला.

"मी काय ठरवायचंय? मी पंधरा दिस भाकरी घातली, मागितलं काय तर एक मासा. पोरगी बगा माजी. काडी झालीया." तात्यांचा आवाज चढला होता, आणि चढता चढता मध्येच ओला झाला. "तुमी धरून सोडताय, तुमची हौस हाय. माजी हौस न्हाय ही."

"मला माहीत आहे, तात्या. पण ती बघा ना."

"ह्येंना सांगू द्या. ह्येंनी शबूद दिलाय."

मी उभा होतो. पायाखाली गाळ, हातात लोंबणारा कॅमेरा. एका बाजूला मित्र, एका बाजूला अन्नदाता, बादलीत एक जीव, कडवळात शेकडो. चट्, परत पाणी वाजलं.

"मला इचारलंय का कुणी?" सुनीता म्हणाली.

सगळ्यांनी वर बघितलं. ती चादर सावरत बांधावरून खाली येत होती, थांबत थांबत, दम खात.

"मला न्हाय प्यायचा तो रस्सा. मागं पाजला तवा मी म्हशीच्या गोठ्यात जाऊन वकले, आईला माहीत हाय. वासच सहन व्हत न्हाय मला. पंधरा दिस नुसतं मरळ, मरळ, मरळ."

"मग काय पायजे तुला?" तात्या म्हणाले. "सांग तरी. त्वांडानं कधी सांगती का तू?"

सुनीतानं जरा विचार केला. "निमगावच्या बाजारातली भेळ," ती म्हणाली. "कांदा, कैरी घातल्याली. तिखट."

"डाक्टरनं तिखट नको म्हणलंय."

"मग थोडं कमी तिखट."

तात्यांनी आपल्या लेकीकडं बघितलं. पंधरा दिवसांत तिनं स्वतःहून काहीतरी खायला मागितलं होतं. मग सुहासकडं बघितलं. माझ्याकडं बघितलं नाही. "घ्या," ते म्हणाले. "समद्या गावाला सांगितलं मरळ आणतो म्हणून, अन् हिला भेळ पायजे." आणि त्यांनी बादली पाण्याच्या कडेला टेकवून हळूच कलती केली.

मरळ लगेच गेली नाही. उथळात पोट टेकवून राहिली, कल्ले हलत होते. सुहासनं हात पुढं केला, तात्यांनी तो मनगटाला धरून मागं ओढला. "थांब की. तिचं तिला कळंल." मग शेपटीचा एक फटकारा, आणि पाणी गढूळ झालं. आम्ही चौघं बगळ्यांसारखे ओळीत उभे. ती घाबरून फुगवट्यात निघून गेली असली तर? तोंडाला जखम, अंगाला माणसाचे हात लागलेले. लाल गोळा आता तळहाताएवढा राहिला होता. एक मोठी चिलापी सरळ त्याच्यावर निघाली. सुनीतानं बापाचा टॉवेल मुठीत धरला.

आणि फाड्. तोच आवाज. धांडे दोन्ही बाजूंना फाकले, चिलापी उलटी होऊन हवेत दिसली, पडली, आणि राखाडी पाठी दाही दिशांना फुटल्या. मग पाणी शांत. मग त्या शांत पाण्यावर लाल गोळा उकळत वर आला, आणि त्याच्या बरोबर खाली एक काळी सावली येऊन थांबली.

"आली," तात्या म्हणाले. "ही काय आली." आणि हसायला लागले, आणि आम्ही सगळेच हसायला लागलो. सुनीता हसता हसता गाळात बसली. तिला दोघांनी धरून उठवावं लागलं.

मी आयुष्यभर लोकांना परत एकदा, परत एकदा म्हणत आलो. त्या दिवशी मी न मागता पाण्यानं तोच क्षण परत दिला होता, आणि कॅमेरा माझ्या गुडघ्यापाशी लोंबत होता.

स्टुडिओत आल्यावर कळलं ते आणखी वेगळंच. चतुराचं शूटिंग करताना कॅमेरा आधीपासून चालूच होता. फुगा दिसला तेव्हा घाईत मी बटण दाबलं ते तो बंद करायला. नंतर बंद करतोय समजून दाबलं ते चालू करायला. या धंद्यातल्या प्रत्येकानं हे एकदा तरी केलेलं असतं. चतुर आहे, बेडूक आहे, पहिला फुगा आहे, आणि मग एकदम गाळ. तात्यांच्या रबरी चपला. बादलीची निळी कड. सुहासचे गुडघे, सुनीताच्या चादरीचं टोक. मरळ जवळजवळ कुठंच नाही. तिथून पुढचे आवाज मात्र सगळे आहेत.

सगळे म्हणजे एक सोडून. मी ते कितीतरी वेळा ऐकलं. कुणाचा शबूद खरा, असं तात्या विचारतात, आणि पुढं जागा आहे. वाऱ्याचा आवाज, धांड्यांचा आवाज, चट् असं वाजलेलं पाणी. तिथं मी बोलायला हवं होतं. "तात्या, चुकलो, दोघांनाही हो म्हणालो," एवढं जरी म्हणालो असतो तरी चाललं असतं. त्या जागेत मी नाही. एका आजारी पोरीनं माझी सुटका केली, आणि तीही आपल्या जिभेची चव सांगून.

ती जागा मी कापली नाही. सुहास म्हणत होता, संगीत टाकू. मी नको म्हणालो. फिल्ममध्ये ते पाय, ती बादली आणि ते आवाज आहेत तसे ठेवले. शेवटी फाड् असा आवाज येतो, चार माणसं हसतात, पडद्यावर नुसता गढूळ पाण्याचा काठ हलतो. बारामतीतल्या छोट्या सभागृहात दाखवली तेव्हा त्या आवाजाला लोक खुर्चीत पुढं सरकले. एका बाईंनी शेजारणीला विचारलेलं मी ऐकलं, "आली ना गं ती परत?" तात्या पहिल्या रांगेत बसले होते, नवा टॉवेल घेऊन. बाहेर आल्यावर म्हणाले, "सगळं झ्याक. पर आमची फकस्त पायंच घेतली की तुमी."

सुनीता आता नर्सिंग शिकते. सुट्टीला घरी असते तेव्हा पाण्याची खबर तीच देते.

काल सुहासला दवाखान्यातून उचललं आणि निमगावात गाडी थांबवून भेळ बांधून घेतली, कैरी जास्त, कांदा वेगळा. यंदा कुणाला कबूल केलेली अशी ही एकच गोष्ट, सुनीताला दर पाण्याला ठरलेली. काठावर पोचलो तेव्हा तीच चुरचुर चालू होती, तीच बगळ्यांची पंगत बसली होती, आणि कडवळ घोट्याएवढ्या पाण्यात उभं होतं. माझे पाय आपोआप भरभर पडायला लागले. तात्या मोटारीला दोर बांधत होते. भेळेची पुडी बघून हसले.

"औंदा तरी आमची त्वांडं घ्या," ते म्हणाले. आणि मग, दोराची गाठ आवळता आवळता, मान वर न करता, "अन् औंदा मोठी घावली तर? आमची, का डाक्टरची?"

सुहास गाडीतून काठी काढत होता. तोही थांबला.

"तात्या," मी म्हणालो, "यंदा मी नाही म्हणणार आहे."

"कुणाला?"

"दोघांनाही."

तात्यांनी गाठ ओढून बघितली. "असं वागल्यावर लग्नाची कामं मिळायची न्हाईत तुमाला," ते म्हणाले, आणि दोराचं टोक माझ्या हातात दिलं. मी कॅमेऱ्याची बॅग बांधावर ठेवली.

"धरा नीट," तात्या म्हणाले. "ही धरून सोडायची न्हाय."